सातपैकी चार

"अहो, तो बॉल होता! स्ट्राइक कसला देतोय हा?"

तोंडातून निघून गेलं आणि अस्मितानं जीभ चावली. पहाटेची वेळ. शारजाहून हमरिया फ्री झोनला निघालेल्या कंपनीच्या बसमध्ये या वेळी कुणी बोलत नसे. एसीच्या गारठ्यात माना टाकून सगळे उरलेली झोप वसूल करत. तिचं मात्र शेजारच्याच्या मोबाइलकडे लक्ष गेलं होतं. तिथं क्रिकेट नव्हतं, चक्क बेसबॉल होता; आणि बाहेरचा, म्हणजे 'बॉल' ठरायचा चेंडू अंपायरनं बरोबर धरून 'स्ट्राइक' दिला होता.

शेजारच्यानं कानातला इअरफोन काढला. उंच, सावळा, मेंटेनन्सचा निळा गणवेश.

"कशावरून बॉल?" त्यानं मराठीतच विचारलं.

"गुडघ्याच्या खाली होता. कॅचरनं ग्लोव्ह हळूच वर उचलला म्हणून अंपायर फसला." ती थांबली. "मीही तेच करायचे. जळगावला सॉफ्टबॉल खेळायचे ना... युनिव्हर्सिटीकडून."

"कॅचर?"

"हो."

तो हसला. हसताना त्याचे डोळे आधी हसत, ओठ मागाहून. "मी अचलपूरचा. पिचर होतो. म्हणजे एका टीममध्ये असतो तर मी चेंडू टाकणार, तुम्ही झेलणार... सगळा वेळ एकमेकांकडेच बघत बसलो असतो!"

अस्मितानं घाईघाईनं खिडकीबाहेर पाहिलं. बाहेर धुकं होतं, दिसत काहीच नव्हतं. तरी ती बघत राहिली.

त्याचं नाव शैलेंद्र. दोघं एकाच कंपनीत – वंगणतेलाची कंपनी, ती लॅबमध्ये, तो मशीनवर – पण दोन वर्षांत कधी गाठ पडली नव्हती, कारण त्याची शिफ्ट वेगळी. "आता जनरल शिफ्टला आलोय, थोड्या दिवसांसाठी," तो म्हणाला. त्यातलं 'थोड्या दिवसांसाठी' तिच्या कानावरून गेलं. कानाला तेव्हा वेगळंच काही ऐकायचं होतं.

दुसऱ्या दिवशीही तो शेजारी येऊन बसला. अमेरिकेत रात्रीचे आठ म्हणजे इथं पहाटेचे चार, त्यामुळे शेवटच्या इनिंग्ज नेमक्या बसच्या वेळेत येत. इअरफोनची एक बाजू त्याच्या कानात, एक तिच्या.

"हे प्लेऑफ आहेत म्हणालात. म्हणजे किती सामने?"

"बारा संघ. दोन लीग, प्रत्येकीतले सहा-सहा. त्यातले वरचे दोन-दोन लाडके, त्यांना पहिली फेरी माफ. बाकीच्यांनी तीनपैकी दोन जिंकायचे. मग पाचपैकी तीन. मग सातपैकी चार. आणि शेवटी दोन लीगचे दोन विजेते समोरासमोर... पुन्हा सातपैकी चार."

"बाप रे! आमची फायनल एका दुपारी खलास व्हायची."

"इथं संपूर्ण हंगामात एकशे बासष्ट सामने खेळून मग हे सुरू होतं. कोण खरंच चांगलं, ते एका दुपारी कसं ठरवणार? माणूस तरी एका दिवसात कळतो का?"

"मग किती दिवसांत कळतो?" तिनं डोळे बारीक करून विचारलं.

"महिना. सगळ्या मालिका शेवटपर्यंत लांबल्या तर एखाद-दोन दिवस जास्त." तो हसत होता, पण बोलता बोलता हसू कुठं तरी विरून गेलं. "ऑक्टोबर संपेपर्यंत."

पहिली फेरी तीन दिवसांत आटोपली. पाचपैकी तीनची फेरी आली तोवर 'तुम्ही'चं 'तू' झालं होतं.

"तू कुणाच्या बाजूनं?" एकदा तिनं विचारलं.

"जो हरतोय त्याच्या."

"का रे?"

"तो जिंकला तर उद्या पुन्हा सामना."

त्या दिवसापासून तीही मागे पडलेल्या संघाच्या बाजूनं झाली. कुणाचं नाव नाही, गाव नाही, खेळाडू माहीत नाही. तरी दोन सामने हरलेल्या संघानं तिसरा जिंकला की दोघं एकमेकांच्या हातावर टाळी देत. ती टाळी दिवसेंदिवस थोडी लांबत गेली... बोटं सुटायला थोडा जास्त वेळ घेऊ लागली. एक मालिका पाचव्या सामन्यापर्यंत गेली तेव्हा ड्रायव्हर नूरुद्दीनचाचा आरशातून ओरडले, "काय गो पोरी, लग्न ठरला काय कुणाचा?" चाचा श्रीवर्धनचे, त्यांच्यापासून काही लपत नसे.

संघांच्या प्रवासाच्या दिवशी सामना नसे. त्या दिवशी शैलेंद्र पुढं चाचांजवळ बसे. शेजारी बसायला त्याला जणू कारण लागे. अस्मिताला ते आवडायचं नाही, आणि आवडत नाही हे कळून आणखीच धडधडायचं.

दिवाळीच्या दिवशी तिनं डबा आणला. रव्याचे लाडू, चकल्या. चकल्या थोड्या मऊ पडलेल्या.

"घे ना. रात्री जागून केल्यात."

त्यानं डब्याकडे पाहिलं, हात पुढं केला नाही. "यंदा आमच्याकडे दिवाळी नाही, अस्मिता. दादा गेला... मे महिन्यात. ट्रॅक्टर उलटला."

तिनं डबा मिटला. "मला बोलला का नाहीस?"

"त्याच्या पुढचंही सांगावं लागलं असतं."

आणि मग त्यानं सांगितलं, मोबाइलवरच्या आवाज बंद केलेल्या सामन्याकडे बघत. वहिनी सगुणा अठ्ठावीस वर्षांची. मुलगी दिया चार वर्षांची. घरच्यांनी, म्हणजे आईनं आणि आबांनी ठरवलं, धाकट्यानं वहिनीशी लग्न करावं. त्यानं जुलैत होकार दिला. सप्टेंबरअखेर राजीनामा दिला, कामं सोपवायला जनरल शिफ्टला आला. एकतीस ऑक्टोबर शेवटचा दिवस. तुळशीच्या लग्नानंतर त्याचं आणि सगुणाचं लग्न, रजिस्टर पद्धतीनं.

"जुलैत मी तुला ओळखत नव्हतो गं," तो म्हणाला.

बस गेटवर थांबली. अस्मिता त्याच्याकडे न पाहता उतरली. लॅबमध्ये तेलाचा एकच नमुना तिनं तीनदा तपासला आणि तिन्ही वेळा आकडा वेगळा आला.

पुढचे दोन दिवस ती मागच्या सीटवर बसली. तिसऱ्या दिवशी दुपारी, कॅफेटेरियाबाहेर कडक चहाचा कप हातात घेऊन तो उभा होता, तिथं ती सरळ चालत गेली.

"एकच विचारते. वहिनींना कुणी विचारलं का?"

"म्हणजे?"

"आईनं ठरवलं, आबांनी ठरवलं, तू हो म्हणालास. ज्या बाईचं लग्न आहे तिला विचारलं का तिच्या मनात काय आहे?"

त्यानं हातातल्या कपाकडे पाहिलं. नव्हतं विचारलं. त्याला ते सुचलंच नव्हतं.

"मग आत्ता विचार. नसेल तिच्या मनात, तर..." पुढचं तिला बोलवेना. त्या 'तर'मध्ये तिची सगळी आशा होती.

त्यानं फोन लावला. रेंज धड नव्हती, म्हणून स्पीकरवर टाकला. अस्मिता दोन पावलांवर उभी.

"वहिनी, एक विचारायचं होतं. लग्नाचं... तुमच्या मनाविरुद्ध तर नाही ना?"

पलीकडे कोंबड्या ओरडत होत्या.

"भाऊजी, खरं सांगू? मनाचं मले काही समजत नाही अजून. तुमचा भाऊ डोळ्यापुढून जात नाही. पण माहेरचे दुसरीकडे द्याले बसले. तिकडं गेली तर दिया इथंच राहीन म्हणतात आबा. पोरगी सुटली तर मी जगत नाही. म्हणून मीच आत्याबाईले, तुमच्या आईले, म्हटलं होतं, भाऊजीले विचारा." मग तिचा आवाज बदलला. "तुम्ही काऊन विचारता? तिथं कोणी आहे का? असली तर सांगा. मी पाहीन माझं."

शैलेंद्रनं मान वर केली. अस्मिता समोरच होती. एवढ्या जवळून, एवढ्या उजेडात तो तिच्याकडे पहिल्यांदाच बघत होता. तिनं काहीच खूण केली नाही... केली असती तर कोणती, हे तिला पुढंही कधी सांगता आलं नाही.

"नाही," तो फोनमध्ये म्हणाला. "कोणी नाही, वहिनी."

फोन बंद झाला. कपातला चहा जमिनीवर सांडला होता.

"बरं केलंस," अस्मिता म्हणाली. आवाज तिचा तिलाच ओळखू आला नाही.

"मी खोटं बोललो."

"माहीत आहे. म्हणूनच म्हणते, बरं केलंस."

दुसऱ्या सकाळी ती त्याच्या शेजारी येऊन बसली. शेवटची मालिका सुरू झाली होती. सात सामने झाले असते तर त्याच्या जाण्याच्या दिवसापर्यंत पुरले असते. दोघांनी हरणाऱ्याची बाजू घेतली. पण हरणारा हरतच गेला. पहिला, दुसरा, तिसरा. आणि चौथ्यात शेवटच्या इनिंगमध्ये एक उंच उडालेला चेंडू कुणीतरी सहज झेलला आणि सगळे मैदानात धावत सुटले. सातपैकी चार. चारातच संपलं.

अस्मितानं कानातला इअरफोन काढून त्याच्या तळहातावर ठेवला.

"इतक्यात?" ती म्हणाली.

"सलग चार जिंकले की बाकीचे तीन खेळवतच नाहीत."

"खेळवायला काय जातं त्यांचं..."

तिचे डोळे भरून आले आणि ती हसायलाही लागली. चाचांनी आरशात पाहिलं, आणि नजर पुन्हा रस्त्यावर वळवली.

तीन दिवस उरले होते. आता सामना नाही, म्हणजे कारण नाही. तो पुढं बसेल असं धरूनच ती चढली. पण तो तिच्याच शेजारच्या सीटवर होता, मोबाइल खिशात, हात मांडीवर.

"आज काय बघणार?" तिनं विचारलं.

"तुला."

बस सुटली. मोठ्या रस्त्याला लागल्यावर तो म्हणाला, "अस्मिता, मला एकदा म्हणू दे. परत कधी म्हणणार नाही. तिकडं गेल्यावर मनातसुद्धा म्हणायचं नाही, असं ठरवलंय. तो त्या दोघींवर अन्याय होईल."

"मग नको म्हणूस. मला ऐकू आलंय."

"तुझं?"

"वेडा आहेस का रे? हरणाऱ्या संघांसाठी मी महिनाभर घसा कोरडा केला... अजून काय ऐकायचंय तुला?"

त्यानं तिचा हात हातात घेतला. तेलानं काळवंडलेली बोटं, खरखरीत तळवा. गेट येईपर्यंत दोघांनी हात सोडला नाही. पुढच्या दिवशीही नाही. एकतीस तारखेला गेटवर उतरून तो तिच्या लॅबच्या दारापर्यंत आला. "जा," ती म्हणाली, "दिया वाट बघत असेल." तो गेला. ती दाराला पाठ लावून उभी राहिली, आणि मग हातमोजे चढवून कामाला लागली.

डिसेंबरमधल्या एका शुक्रवारी, सुट्टीच्या सकाळी, भारतातल्या अनोळखी नंबरवरून तिला एक व्हॉइस मेसेज आला. बाईचा आवाज, थांबत थांबत.

"मी सगुणा. त्यांच्या फोनात 'अस्मिता कॅचर' नावानं तुमचा नंबर होता. त्यांना माहीत नाही मी बोलते ते. त्या दिवशी फोनात मले तुमचा आवाज आला होता. म्हणजे आवाज नाही... कोणीतरी हुंदका गिळते ना, तसं. मी बी घरात असंच रडते, म्हणून ओळखू आलं. ते 'नाही' म्हणले, अन् मी समजूनही त्यांचा शब्द धरून बसली. माझ्यापाशी दुसरं धराले काही नव्हतं. तुम्ही मले शिव्या द्या, मी ऐकून घेईन."

मेसेज तिथं संपत नव्हता. सगुणाला तो थांबवता आला नसावा; पुढं भांड्यांचा आवाज होता, आणि एक लहान मुलगी कुणाला तरी हट्टानं काही सांगत होती.

अस्मितानं तो तीनदा ऐकला. मग खोलीच्या दाराला कडी लावून ती रडली, महिनाभराचं सगळं, काहीही न गिळता. तोंड धुऊन आली. लिहायला घेतलं, पुसलं. पुन्हा लिहिलं, पुन्हा पुसलं. शेवटी तिनं बोलायचं बटण दाबून धरलं.

"वहिनी," ती म्हणाली. तो शब्द उच्चारायला जितका कठीण वाटला होता, तितका नव्हता. "मागं दियाचा आवाज येतोय. काय सांगतेय हो ती एवढं?"