हवेत अडकलेला प्रश्न

टोपीमागे धावत आलेला मुलगा एक पाय हवेत ठेवून जागच्या जागी थांबला, तेव्हा बुरुलचाला आधी टोपी दिसली आणि मग तो.

दोष तिचा नव्हता. कोचकोरच्या वरच्या अंगाला असलेल्या नादकाळ विद्यालयाच्या अंगणात, जर्दाळूच्या झाडाखाली, ती तीन तारांचा कोमूझ वाजवत होती. सराव म्हणून गळणाऱ्या पाकळ्या हवेत थांबवत होती. वाऱ्याने उडालेली पांढरी कल्पाक टोपी त्या पाकळ्यांत अडकली आणि मागोमाग तिचा मालकही. तोंड उघडं, केस विस्कटलेले, भुवईजवळ तीळ... इतक्या निवांतपणे कुठला मुलगा बघायला मिळतो? तिने गरजेपेक्षा जरा जास्तच वेळ वाजवलं. मग हसू आवरेना, बोट चुकलं आणि तो तोंडावर आपटला.

"थांबवी दिसतेस," गवत झटकत तो म्हणाला.

"आणि तू पळव्या. कमरेला बासरी आहे."

"मी एसेन. सकाळीच घोडीचं दूध एका फुंकरीत आंबवून आलोय."

"मग टोपीमागे पायांनी का पळत होतास?"

विद्यालयात दोनच वर्ग होते. एक आवाजाने काळ थांबवणाऱ्यांचा, दुसरा पळवणाऱ्यांचा. आणि दोघांच्या खोल्या अंगणाच्या दोन टोकांना. तरीही त्या दिवसापासून एसेन रोज दुपारी जर्दाळूखाली येऊन बसू लागला. ती तार लावायची, तो गुणगुणायचा.

"गप रे, बेसूर!"

"मग ऐकतेस कशाला?"

थांबव्यांचा पहिला नियम सगळ्यांना पाठ होता: ज्याच्या आवाजावर तार लावाल, तो तुमच्या वाजवण्याने थांबत नाही. म्हणून तार लावायची ती अंगणातल्या पितळी घंटेवर. घंटा हलत राहिली तर कुणाचं काय बिघडतं?

शेवटच्या परीक्षेत एक धून पुरी होईतो अख्खं सभागृह थांबवायचं होतं. एक माणूस हलला तरी नापास. आणि बुरुलचा नापास झाली तर तिने नारीन शहरात मामाच्या दुकानात लोकरीचे नमदे विकत बसायचं, हे घरी ठरलेलं होतं.

परीक्षेच्या दिवशी बुरुलचाची पाळी आली, तेव्हा वर्गाच्या बाई सायराकान एजे चहा ओतू लागल्या. बाहेर घंटा वाजली. बुरुलचाने तार छेडली. चहाची धार काचेच्या कांडीसारखी लटकली, एजेंची पापणी अर्ध्यावर राहिली, सगळं शांत झालं... आणि तिसऱ्या रांगेतून आवाज आला — कडाक!

एसेन वाळवलेल्या दह्याचा गोळा फोडत होता.

"एसेन!" वाजवता वाजवताच ती कुजबुजली. "थांब ना!"

"मी कसा थांबू? तू थांबवायचंस ना मला!"

"अरे, पण मी तार घंटेवर—"

एसेनने दाराबाहेर पाहिलं. घंटा तिरकी होऊन तशीच अडकली होती. त्याने पुन्हा बुरुलचाकडे पाहिलं आणि त्याच्या चेहऱ्यावर हसू पसरत गेलं. तिचे कान तापले.

"हसू नकोस! मला मामाच्या दुकानात बसायचं नाहीये."

"बरं बाई. पुतळा होतो. श्वाससुद्धा घेत नाही."

धून संपली. चहा पेल्यात पडला, कुणी खोकलं, बाकं करकरली. एसेन मात्र डोळे मिटून, गाल फुगवून, लालबुंद होत तसाच बसला. पुतळा त्याला जरा जास्तच जमला होता.

"बाकीचे सगळे श्वास घेतायत," एजे म्हणाल्या. "या पळव्याला काय झालं?"

"उ... उचकी, एजे!"

"बुरुलचा, तार कशावर लावलीस?"

'घंटेवर' म्हटलं असतं तर सुटली असती. मामाचं दुकान एका शब्दाच्या अंतरावर होतं.

"त्याच्या आवाजावर," ती म्हणाली. "मुद्दाम नाही, एजे. रोज ऐकून ऐकून... लागत गेली."

मागून कुणीतरी शिट्टी मारली. एजेंच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. "नियमाने नापास. पण खरं बोललीस, म्हणून एक संधी. आत्ता, घंटेवर लावून. एसेन, असा पुढे ये. तुलाच थांबवायचंय."

बुरुलचा खुंटी पिळू लागली. त्याच्या आवाजावरून तार उतरवताना बोटं नको म्हणत होती. तो समोर येऊन उभा राहिला.

"ऐक ना..."

"नंतर."

"नंतर माझा धीर होणार नाही. मी आईला डूल घेऊन तुमच्या घरी पाठवू—"

"सुरू!" एजे म्हणाल्या आणि तिची बोटं तारांवर पडली.

सगळं थांबलं. बाहेर घंटा तेवढी डुलत होती. समोर एसेन, ओठ अर्धवट उघडे, प्रश्न तिथेच अडकलेला. मुलाच्या आईने मुलीच्या कानांत डूल घातले की सोयरीक झाली. गंमतीत विचारायची गोष्ट नव्हती ती. धुनेच्या पहिल्या फेरीत तिला रागच आला — हीच वेळ सापडली याला? दुसऱ्या फेरीत आई आठवली, आपण गेल्यावर एकटं पडणारं तिचं अंगण डोळ्यांपुढे आलं. तिसरीत तिने मान वर केली आणि त्याच्याकडे नीट पाहिलं. घाई केली असती तर धून तुटली असती. तिने घाई केली नाही. शेवटची तार तिने अगदी सावकाश सोडली.

"—का?" एसेन म्हणाला.

"पाठव."

"पास," एजे म्हणाल्या. "पुढचा!"

एसेन अजून गोंधळलेलाच. "एवढ्यात उत्तर? अगं, जरा विचार तरी करायचास!"

"केला की," ती म्हणाली. "अख्खी धून वाजवत... तुझ्याकडे बघत."