पाटीवरचं टिंब

राजेश्रीबाईंची अंगणवाडी पालमपासून सहा किलोमीटरवर, जुन्या करोडगिरी नाक्याच्या खोलीत भरायची. निजामाच्या काळात येणाऱ्याजाणाऱ्या मालाचं वजन करून तिथं जकात घ्यायचे. आता त्याच आढ्याच्या हुकाला काटा अन् झोळी टांगून लेकरांची वजनं व्हायची. माल तेवढा बदलला, असं बाई सुपरवायझर मॅडमला हसत सांगायच्या. मॅडम हसायच्या नाहीत.

कोनाड्यात नाक्याच्या वेळची एक पाटी पडून होती. लोखंडी चौकट, चौकटीवर उर्दू अक्षरं. मदतनीस कमलबाईंनी ती घासूनपुसून काढली. वजनं आधी पाटीवर लिहायची, मग निवांत मोबाइलात भरायची, अशी बाईंची सोय झाली.

आषाढात बालाजी नावाच्या पोराचं वजन आठ किलो भरलं आणि बाईंनी घाईत पाटीवर नऊ लिहिलं. चूक लक्षात आली म्हणून पोराला पुन्हा झोळीत घातलं, तर काटा नऊवर.

"काटाच बिघडला असंल," कमलबाई म्हणाल्या.

किलोचं बंद पाकीट लावून पाहिलं. काटा चोख होता. आठ दिवसांत बालाजीचे गाल वर आले आणि पोरगं उड्या मारायला लागलं. बाईंना हाव सुटली, त्याच्या नावापुढं आणखी मोठा आकडा लिहायला गेल्या. पण पेन्सिल नुसतीच सरकत राहिली, रेघ उमटेना. दुसऱ्या दोन लेकरांचंही तसंच झालं. एका लेकराला एकच आकडा. एकदा लिहिला की पाटी पुसा, धुवा, लेकराचं वजन तेच राहायचं.

बाईंना भीती वाटायचीच. रात्री जेवण जायचं नाही. पण लेकरं भरायला लागली होती, मग उगाच कशाला नाट लावा? त्या कुणाला काही बोलल्या नाहीत.

राहिली होती नीलमची पिंकी. दीड वर्षाची, वजन साडेसहा किलो, मांडीवर घेतली तर हाडं टोचायची. नीलमचं पहिलं लेकरू असंच वाळत वाळत गेलं होतं. परभणी झालं, नांदेड झालं, सगळे दवाखाने झाले. "बाई, हिला तरी वाचवा हो," म्हणून ती रोज दारात उभी. बाईंनी पिंकीचा आकडा मुद्दाम मागं ठेवला होता. एकच मिळणार, तर विचार करून लिहायचा.

त्यातच मॅडम येऊन बोलून गेल्या. "नऊ, आठ, नऊ! सगळी वजनं अशी पुऱ्या किलोत कशी हो बाई? घरी बसून लिहिता का?"

ते बाईंना फार लागलं. या खेपेला आकडा खरा दिसला पाहिजे. पिंकी सतरंजीवर वाटी वाजवत बसली होती. बाईंनी तिचं नाव लिहिलं आणि पुढं जपून लिहिलं, ८.५.

सतरंजीखाली शहाबादी फरशी कट्‌कन वाजली.

नीलम लेकीला घ्यायला वाकली. वाकली ती वाकलेलीच राहिली. "बाई, ही उठंना की हो."

कमलबाईंनी हात लावला. मग दोघींनी मिळून लावला. नीलमचा दीर आश्रुबा शेतातून पळत आला, सोबत तिघं गडी. चौघांच्या मानेच्या शिरा फुगल्या. पिंकी जागची हलली नाही. तिला दुखतही नव्हतं. काखेत गुदगुल्या झाल्या म्हणून ती खिदळत होती.

समोरच्या ओट्यावरचे किशनराव काठी टेकत आत आले. पंच्याऐंशी पार केलेले, उर्दू शाळेत शिकलेले. त्यांनी पाटी डोळ्यांजवळ धरली.

"आठशे पाच? येवढं कुणाचं वजन लिवलं?"

"साडेआठ हाय ते, बाबा," राजेश्रीबाई म्हणाल्या.

"मंधी नुक्ता हाय की. उर्दूत आमी शून्य असंच लिवायचो. नुसतं टिंब."

बाईंनी ती त्यांच्या हातातून ओढली. त्यांनी पदरानं पाटी पुसली. पिंकीचं नाव पुन्हा लिहायला घेतलं. पेन्सिल सरकत राहिली. इतकी दाबली की तुकडे झाले.

"काय केलंत, बाई? काय केलं तुमी माझ्या लेकराला?"

नीलमनं पाटी हिसकून उंबऱ्यावर आपटली. दोन तुकडे झाले.

आश्रुबानं पिंकीला पुन्हा हात लावून पाहिला. तसंच.

फरशी फुटून खचली होती. खाली काळी माती, श्रावणाच्या झडीनं भिजलेली. पिंकी कमरेपर्यंत खाली गेली. भोवती खणलं, तर ती आणखीच खाली गेली. आश्रुबानं ट्रॅक्टर आणि साखळदंड आणला. लेकराच्या अंगाला साखळी बांधायची कुठं, हे कुणालाच सांगता येईना.

दुपारी पिंकीला भूक लागली. नीलम जमिनीवर पालथी झाली आणि तिला पाजलं. पिंकी पोटभर प्याली. आज पहिल्यांदाच पोटभर प्याली.

मग तिनं आईकडं बघत दोन्ही हात वर केले. कडेवर घे म्हणून.

हात वर झाले की ती बोटभर खाली जायची. दोनदा गेली. तिसऱ्यांदा नीलमनं ते इवलेसे हात आपल्या हातात धरले आणि हळूच मातीला टेकवून ठेवले.

"नको गं हात वर करू, माय," ती म्हणाली.