कोरड्या हौदातलं गाऱ्हाणं

ही गोष्ट खरी आहे.

पटली तर घ्या, नाही पटली तर सोडून द्या. माझं वय आता बहात्तर. या वयात थापा मारून मला कोणाच्या टाळ्या घ्यायच्या नाहीत.

आणि आधीच सांगतो, यात अमावस्या नाही, पिंपळ नाही, मध्यरात्र नाही. जे झालं ते भर दुपारी, लख्ख उन्हात झालं.

तारीख ११ नोव्हेंबर १९९३, गुरुवार. ठिकाण ओमान. रुस्ताक शहराच्या पुढे गाडीने पाऊण तासावर, डोंगराच्या कुशीत. जागेचं नाव सांगणार नाही. तुमच्यातलाच कोणीतरी हौशी निघेल तिकडे गाडी घेऊन.

मी एकनाथ. गाव कुडाळजवळ. धंद्याने गवंडी, पण तेव्हा राजधानीच्या रुवी भागात एका कंपनीत फोरमन झालो होतो. फोरमन झाल्यावर फॅमिली आणता आली. बायको मैना आणि सहा वर्षांची मुलगी यशश्री. तिथेच हमरिया वस्तीत तिसऱ्या मजल्यावर एक खोली-किचन.

माझ्या हाताखाली उत्तम होता. माझ्याच वयाचा, शेजारच्या वाडीतला. दगडात त्याच्यासारखा हात मी पुन्हा पाहिला नाही. बायको गावी, मूलबाळ नव्हतं. आमच्या यशूवर त्याचा भारी जीव. दर शुक्रवारी यायचा आणि तिला खांद्यावर घेऊन रुवीभर फिरवायचा.

तर त्या डोंगरात गोऱ्या लोकांचं खोदकाम चाललं होतं. दोन हजार वर्षांपूर्वीचं देऊळ सापडलं होतं, आणि देवळाच्या तोंडाशी न्हाणीघर. देवळात शिरायच्या आधी लोकांनी तिथे अंग धुवायचं. मधोमध दगडी हौद, पुरुषभर खोल, उतरायला पाच पायऱ्या. खालची जमीन पोकळ, गुडघाभर उंचीच्या दगडी खांबांवर उभी. त्या पोकळीत जाळ करायचे. मग जमीन तापायची, पाणीही ऊन व्हायचं.

"ही रोमन लोकांची कारागिरी," विन्सेंट सांगायचा. हा वसईचा पोरगा, खोदकामाच्या मॅडमकडे नकाशे काढायला होता. "ती इतक्या लांब आली कशी, हे मॅडमला पण कळत नाही."

हौद मात्र ठणठणीत कोरडा. आसपास कुठे झरा नाही, ओल नाही.

न्हाणीघराची एक भिंत कलली होती. ती सरळ करून द्यायचं काम आमच्याकडे. साधं काम, चार दिवसांचं.

दहा दिवस झाले तरी होईना.

संध्याकाळी ओळंबा लावून टेकू मारायचो. सकाळी पाहावं तर भिंत बोटभर आत... हौदाच्या बाजूला. टेकू जागच्या जागी, पण भिंत सरकलेली. बुधवारी उत्तमचं बोट दगडाखाली चेचलं, नख गेलं. मॅडम माझ्यावर डाफरली. माझं डोकं फिरलं होतं.

आमच्याकडे काम अडलं की काय करतात? जागेच्या राखणदाराला नारळ देतात आणि गाऱ्हाणं घालतात. एकजण बोलतो, देवाला सगळं सांगतो, मागतो. प्रत्येक वाक्याला बाकीचे म्हणतात, "व्हय म्हाराजा."

मला वाटलं, जागा परदेशातली असली म्हणून काय झालं? जागा तिथे राखणदार असणारच.

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे.

गुरुवारी अर्धा दिवस, शुक्रवारी सुट्टी. माणसं रुस्ताकच्या बाजारात गेली. उत्तम बोटाला पट्टी करायला गेला. मल्याळ्याच्या दुकानातून आणलेला नारळ घेऊन मी एकटाच हौदात उतरलो. हाताला सिमेंट, पायाला माती, तसाच.

नारळ ठेवला, हात जोडले.

"बा देवा म्हाराजा... जो कोण हयसरचो राखणदार आसशीत, तुका आज ह्यो नारळ ठेवलेलो आसा रे म्हाराजा..."

"व्हय" म्हणायला कोणी नव्हतं.

टप...

पाण्याचा थेंब पडावा तसा आवाज. अगदी माझ्या मागे.

वळून पाहिलं. दगड कोरडा.

"ह्या भिंतीचा काम सुरळीत पार पाड रे म्हाराजा..."

टप...

घाबरायला हवं होतं की नाही? मी गाढव खूश झालो. म्हटलं, चला, ऐकणारा कोणीतरी आहे. आणि त्या भरात गावी म्हणतो तसं पुढचं पण म्हणून गेलो.

"माझा चेडू यशश्री तुझ्या पदरात घातलंय, तेका तुझा समजून सांभाळ रे म्हाराजा..."

काही नाही.

वाऱ्याचा आवाजसुद्धा थांबला.

मग... टप. टप. टप टप टप... चारी बाजूंनी, शंभर माणसं एकदम होकार देतात तसं.

नारळ कसाबसा फोडला. पाणी दगडावर सांडलं आणि दिसेनासं झालं. ओघळ नाही, डाग नाही. दगडाने ते पिऊन टाकलं.

वर आलो तर मजीद उभा होता. तिथला ओमानी राखणवाला, म्हातारा. खोदकामाच्या सहा महिन्यांत एकदाही त्या न्हाणीघरात शिरला नव्हता.

"तुम उधर किसका नाम बोला?" त्याने विचारलं.

मी म्हटलं, "मेरी लडकी का."

तो माझ्याकडे बघत राहिला. मग वळला आणि आपल्या शेळ्या हाकत खाली निघून गेला.

शनिवारी भिंत ओळंब्यात होती. टेकू काढले तरी हलली नाही. मॅडमने माझा हात हातात घेऊन दाबला. मी विन्सेंटला म्हटलं, बघ, आमच्या कोकणातल्या नारळाची कमाल.

तो हसला. "अंकल, देताना जपून हां. दारावरच्या दगडावर मॅडमने काय वाचलंय माहितीये? इथे जे दिलं ते परत मागू नये. आपल्या दुकानासारखंच, विकलेला माल परत घेतला जाणार नाही."

मी पण हसलो.

त्याच संध्याकाळी घरी गेलो तर यशू पलंगावर पाय वर घेऊन बसलेली.

"बाबा, फ्लोअर हॉट आहे," ती म्हणाली. "खाली कोणीतरी फायर लावतो."

मी चप्पल काढून पाय ठेवला. लादी तव्यासारखी तापली होती. खालची खोली तीन महिने बंद. खाली जाऊन कुलूप पाहिलं, दाराला हात लावून पाहिला. थंड.

रविवारपासून पोर पाणी मागायला लागली. तांब्यावर तांबे प्यायची. तरी ओठ फुटलेले, जीभ लाकडासारखी. मैना म्हणाली, "अहो, दोन दिवस झाले, पोरीला लघवी नाही. रडते तर डोळ्यात पाणी नाही. एवढं पाणी जातं कुठे?"

मला माहीत होतं कुठे जातं ते. तरी मी गप्प बसलो.

मंगळवारी हॉस्पिटलात नेली. सलाइनच्या बाटल्यांवर बाटल्या. डॉक्टर भला माणूस होता, रोज तपासण्या करायचा, पण त्याला काही उमगेना. गुरुवारी त्याने मला बाहेर बोलावलं. म्हणाला, मूत्रपिंडं बंद पडत आहेत, उद्याचा दिवस काढेल असं वाटत नाही, आईला जवळ बसू द्या.

पोरीच्या हाताची कातडी चिमटीत धरली तर तशीच उभी राहत होती.

तेव्हा मी उत्तमला सगळं सांगितलं. हॉस्पिटलच्या जिन्यात. सांगता सांगता मी रडलो.

तो म्हणाला, "नाव ना गाव, अशाक तू पोर दिलंस?"

"माझी अक्कल शेण खायला गेली होती."

"दिलेला तसाच परत मिळाचा नाय. बदली देऊक व्हयी," तो म्हणाला. "कोंबो देऊया. मी येतंय. गाऱ्हाण्याक व्हय म्हणूक कोणतरी व्हयो."

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, रुस्ताकच्या बाजारातून तांबडा कोंबडा घेतला. उत्तमने वाटेत गाडी थांबवून हातपाय धुतले, मलाही धुवायला लावले. "गेल्या खेपेक तसोच उतारलंस, आता तरी रीतीन जावया," म्हणाला. साडेबाराला पोचलो. जागेवर चिटपाखरू नाही. मजीदही नव्हता.

हौदाच्या काठावर आलो.

हौदात पाणी होतं.

वीतभर. स्वच्छ, तळ दिसेल असं. आणि त्यातून वाफ येत होती.

उत्तम आधी उतरला. पाणी त्याच्या घोट्यांच्या वर आलं. "ऊन आसा," तो म्हणाला. मी त्याच्यामागे उतरलो. कोंबडा माझ्या काखेत होता. तो ओरडला नाही, फडफडला नाही. मान टाकून डोळे मिटून पडला होता.

"बा देवा म्हाराजा..." मी सुरू केलं.

"व्हय म्हाराजा," उत्तम.

थेंब पडला नाही.

"माझ्याकडसून चूक झाली. पोर परत दी रे म्हाराजा..."

"व्हय म्हाराजा."

काही नाही.

"तिच्या बदली ह्यो कोंबो घी रे म्हाराजा..."

"व्हय म्हाराजा."

काही नाही... कोंबडा पाण्यात ठेवला. तो उलटा होऊन तरंगला. कधीचाच मेला होता.

मी थांबलो. एक मिनिट, दोन मिनिटं. पायाखालचे दगड तापत चालले होते. तिकडे मैना एकटी पोरीच्या उशाशी बसली होती. आणि मला कळत होतं की समोरचं जे काही आहे ते वाट बघतंय.

आता मी काय बोलायचं ठरवलं होतं ते सांगतो. रात्रभर तेच घोकलं होतं. कोंबडा नाही चालला तर स्वतःचं नाव द्यायचं. तिच्या बदली मी, एकनाथ. खरंच ठरवलं होतं. त्या हॉस्पिटलात बसून मी ते शंभर वेळा म्हटलं होतं.

मी तोंड उघडलं.

"तिच्या बदली..."

पाणी गुडघ्याला लागलं होतं. कधी चढलं ते कळलं नाही.

"तिच्या बदली उत्तमाक घी रे म्हाराजा..."

कोणी माझ्या तोंडून बोललं नाही. कोणी माझा गळा धरला नव्हता. मला भीती वाटली, मी बोललो.

आणि उत्तम... तो डोळे मिटून, हात जोडून उभा होता. लहानपणापासूनची सवय. वाक्य संपलं की म्हणायचं.

"व्हय म्हाराजा," तो म्हणाला.

म्हटल्यावर त्याने डोळे उघडले.

टप...

फक्त एक थेंब. कुठे पडला ते आम्हा दोघांनाही दिसलं नाही.

उत्तम माझ्याकडे बघत राहिला. मला शिव्या देईल, मारेल असं वाटलं. तो पायऱ्या चढून गाडीत जाऊन बसला.

रुस्ताकला आलो. पेट्रोल पंपावर गाडी थांबवली तेव्हा म्हणाला, "एकनाथ, पाणी आसा?"

मी बाटली दिली. तो घटाघट प्यायला. मग दुसरी. मग तिसरी.

हॉस्पिटलात पोचलो तर मैना दारातच. रडत होती आणि हसतही होती. यशूला घाम फुटला होता, लघवी झाली होती. पोर उठून बसली होती आणि चिप्स मागत होती.

मी तिला उराशी धरलं. आनंद झाला, खूप झाला. खोटं कशाला बोलू?

उत्तम दारातून बघून गेला. आत आला नाही.

त्यानंतर तो माझ्याशी बोलला नाही. भिंत झाल्यावर मॅडमने तिथलंच आणखी काम आम्हाला दिलं होतं. कामावर यायचा, दगड घडवायचा, पाण्याचा कॅन बाजूला ठेवायचा. दिवसाला तीन कॅन लागायला लागले. गाल बसले, ओठ फुटले. मी दोनदा म्हटलं, चल, परत जाऊ, मी माझं नाव देतो. त्याने मान वर केली नाही. आणि खरं सांगायचं तर, त्याने हो म्हटलं असतं तर मी गेलो असतो का, हे मला आजही माहीत नाही.

नवव्या दिवशी, जेवणाच्या सुट्टीत, उत्तम गेला.

त्याच्या चपला वर, पायऱ्यांच्या तोंडाशी होत्या. सकाळी पुन्हा कोरडा दिसलेला हौद आता काठोकाठ भरला होता. मी वेड्यासारखा आत उडी मारली, तळ चाचपला. दगडाशिवाय काही लागलं नाही. पाणी आरशासारखं स्वच्छ. विन्सेंट आनंदाने फोटो काढत होता, जुना झरा मोकळा झाला म्हणून.

कंपनीने चार दिवस शोधलं. पोलिसांनी डोंगर धुंडाळले. मग कागदावर लिहिलं, कामगार पळून गेला. गल्फमध्ये असं होतंच, कोणाला नवल वाटत नाही. गावीही तेच कळवलं. मी एका शब्दाने आडवा आलो नाही.

वर्षभरात मी ओमान सोडलं.

दोन हजार नऊमध्ये यशूचं लग्न झालं, कुडाळलाच. उत्तमची बायको दोन दिवस आधीपासून मदतीला आली होती. कपाळाला कुंकू होतं. नवरा पळाला म्हणून लोकांनी तिला सोळा वर्षं काय नाही ऐकवलं. तिने यशूला हळद लावली, नवी साडी नेसवली. यशू तिच्या पाया पडली तेव्हा तिने पोरीचा चेहरा दोन्ही हातांत धरला.

"आमच्या ह्यांचो लय जीव होतो तुझ्यार," ती म्हणाली. "खय आसतीत थय आज तुका आशीर्वाद दितले." मग माझ्याकडे वळून म्हणाली, "व्हय मां भावोजी?"

मी "व्हय" म्हणालो आणि पंगत वाढायला गेलो.