मढ्याचा रोल

सरका जरा, बसू द्या. शॉट लागायला अवकाश आहे अजून, लाइट कुठे उभे राहिलेत. आणि तू, उद्या मढं व्हायचंय म्हणून तोंड पाडून बसलायस तो, तू इकडे समोर ये. चेहरा दिसणारं काम मिळालंय आणि वर तक्रार? तुझ्यासारख्याच एकाची गोष्ट सांगतो. गोष्ट कसली, घडलेलं आहे. माझ्यासमोर खुर्चीत बसून रंग लावून घ्यायचा तो. काही मला त्याच्याकडून कळलं, काही त्याच्या बहिणीकडून, आणि उरलेलं मी इतकी वर्षं नट बघतोय त्यावरून सांगतो. मधेमधे 'मग काय झालं' करू नका.

त्याला राजा म्हणायचे. गावी नाटकात राजाचं काम करायचा, टाळ्या घ्यायचा, त्या टाळ्या डोक्यात गेल्या आणि आला इकडे. इथे आपल्या लोकांनी त्याचं 'राजे' केलं, चिडवायला. कारण राजे इथे काय करत होते? तुम्ही करता तेच. हिरो-हिरॉइन हॉटेलात भांडतायत, मागच्या टेबलावर रिकाम्या ताटातलं जेवायचं. हिरो रडतोय, मागून छत्री घेऊन जायचं. उमेद सरली, केस पिकले, छत्री काही सुटली नाही.

त्याला एकच गोष्ट लागून राहिली होती, त्याची आई. म्हातारीने पोराचे सगळे सिनेमे बघितले, पोरगा मात्र कधी दिसला नाही. मोठी बहीण आईजवळच राहायची, लग्न नव्हतं केलं तिने. ती ताई टीव्हीवर बोट ठेवून दाखवायची, "ती बघ, ती पाठ आपल्या राजाची." बोट टेकेपर्यंत पाठ निघून गेलेली असायची. म्हातारी म्हणायची, "पाठीचं काय लोणचं घालू? तोंड कधी दाखवणारे तो?" त्यातून तिची नजर जायला लागलेली. डॉक्टरने सांगून टाकलं होतं, आता दिसतंय तेवढं बघून घ्या, पुढचं काही खरं नाही. तेव्हापासून राजाचा जीव थाऱ्यावर नव्हता.

अशात त्याला चार होतकरू पोरं भेटली. पदरचे पैसे घालून, एकच कॅमेरा घेऊन, भाड्याच्या घरात सिनेमा करत होती. गोष्ट अशी, की बाप मरून पुढच्या खोलीत दिवाणावर पडलाय आणि मुलं त्याच्याभोवती रात्रभर भांडतायत. राजा बाप. म्हणजे मढं. पण पहिल्यापासून शेवटपर्यंत पडद्यावर, आणि चेहरा उघडा. माझ्याकडे रंगाला बसला तेव्हा हात जोडून म्हणाला, "काका, असा रंग लावा की आईला लांबून ओळखू आलं पाहिजे." मी लावला. पांढराफटक, ओठ निळसर. काम मी चोख करतो, त्याबद्दल कुणी बोट दाखवणार नाही. आणि काय सांगू, तो निजला तसा खरंच मेला. श्वास दिसेना. माशी नाकावर बसली तरी ढिम्म. भांडणारी पोरं संवाद विसरली.

आता आपल्या धंद्यातली एक रीत तुम्हाला ठाऊक आहे. नसेल तर ठाऊक करून घ्या, विशेषतः तू. मढ्याचं काम केलं की शेवटी उठून त्याच कॅमेऱ्यात बघायचं आणि हसायचं. कॅमेरा चालू असताना. का, ते मला विचारू नका. मोठमोठे करतात, मुकाट्याने करतात. दिग्दर्शक पोरगी होती, तीही म्हणाली, "राजे, हसा ना एकदा, सगळे थांबलेत." राजाने दिवाणावरून पाय खाली सोडले आणि म्हणाला, "मढं हसत नसतं, मॅडम. जन्मात एकदा काम मिळालंय, त्याला माकडचेष्टेचं शेपूट नको."

सगळ्यांनी सांगून पाहिलं. एकाने गुदगुल्या केल्या तर त्याच्या अंगावर धावून गेला. शेवटी कॅमेरा बंद झाला. राजा रंगही न पुसता ताठ मानेने घरी गेला.

सिनेमा तयार झाल्यावर त्याने तो ताईच्या फोनवर पाठवला. बजावून सांगितलं, आईला दाखवू नकोस, मी येतो, मी तिच्याशेजारी बसून दाखवतो. पण काम सोडून जायला त्याला जमेना, आणि ताईला राहवेना. दाखवला तिने. म्हातारीने फोन नाकाला लावला आणि कुणी बोट न दाखवताच म्हणाली, "हा माझा राजा." ताईने दहादा समजावलं, अगं सिनेमा आहे, तो जिवंत आहे, आपल्याशी फोनवर बोलतो. म्हातारी म्हणाली, "मला कळतं गं. नटाची आई आहे मी." पण त्या रात्रीपासून दाराला कडी लावू देईना.

हे राजाला कुणी सांगितलं नाही.

तर जानेवारीतला गुरुवार, सतरा तारीख. दुपारी राजा माझ्याकडे लॅपटॉप मागायला आला, आईला सिनेमा मोठा दिसावा म्हणून. घरी कळवलं होतं शनिवारी येतो म्हणून, पण सुट्टी लवकर मिळाली, आईला चकित करतो म्हणाला. खुशीत होता. मी म्हटलं, "जपून ने, पोराचा आहे." गेला.

त्याच्या गावाच्या फाट्यावर बसने सोडलं तेव्हा साडेबारा वाजून गेले होते. रात्रीचे. चहाची टपरी बंद होत होती. टपरीवाला लहानपणापासून ओळखीचा. तो म्हणाला, "आता परत कुठे निघालास?"

"परत कुठला? आत्ता उतरतोय बसमधून."

"चेष्टा पुरे. आत्ताच इथून घराकडे गेलास. हाक मारली तर ओ दिली नाहीस. सिनेमावाला झालास ना."

"अंधारात दुसरा कुणी असेल."

"असेल बाबा. मग तो दुसरा रोज जातो. याच वेळेला."

राजा हसला आणि चालू लागला. रस्ता सरळ, दोन्हीकडे बंद दुकानं, लांब लांब दिवे. पुढच्या दिव्याखालून एक माणूस चालला होता. सावकाश. पायांचा आवाज नाही. राजाने त्याची पाठ बघितली आणि जागीच थांबला.

आपली पाठ आपल्याला ओळखू येत नाही. राजाला येत होती. पडद्यावर इतकी वर्षं स्वतःचं तेवढंच तर बघितलं होतं त्याने.

पाठ त्याच्या गल्लीत वळली.

तो मागून गेला. काय करणार, घर तिथेच होतं. दार नुसतं लोटलेलं. आत बारका दिवा. म्हातारी दिवाणाशेजारी खुर्चीत बसलेली.

"आई, मी आलो."

"हळू बोल. आत्ताच निजलाय."

"कोण?"

"राजा. आणखी कोण?"

दिवाणावर कुणीतरी होतं. गळ्यापर्यंत चादर. चेहरा उघडा. पांढराफटक, ओठ निळसर... रंग माझ्याच हातचा.

श्वास दिसत नव्हता.

"आई... मी राजा. इकडे बघ."

म्हातारीने मान वळवली. निरखून बघितलं. मग ओळख पटल्यासारखी म्हणाली, "तू त्याच्याबरोबर काम करतोस ना रे? मागे उभे असतात त्यांच्यातला? बस तिकडे भिंतीशी. मधे येऊ नकोस, मला दिसत नाही."

राजा गुडघ्यावर बसला. तिचा हात घेतला आणि स्वतःच्या तोंडावर ठेवला. तिने चाचपलं. कपाळ, नाक, गाल. गाल ओले होते.

"नाही बाळा," ती म्हणाली. "हा चेहरा हलतो. माझ्या राजाचा असा नाही. रोज बघते मी."

आणि आवाजात माया होती बरं का. परक्याच्या पोराला द्यावी तेवढी.

तो उठून आतल्या खोलीच्या दाराशी गेला. आत ताई जागी होती. बारा-पंधरा रात्री ती ऐकत होती, आई बाहेर कुणाशी तरी बोलते. समोरून उत्तर येत नाही. फक्त दिवाण करकरतो. तिने आतून कडी घातलेली.

"ताई," तो म्हणाला. "ताई, दार उघड. मी आहे गं. आईला सांग तू..."

ताईला वाटलं, आता ते बोलायलाही लागलं. राजाचा आवाज काढतंय. राजा शनिवारी येणार होता. तिने गोधडीचा बोळा तोंडात कोंबला.

"ताई..."

कडी हलली. थांबली.



आता तो तिथे उभा राहून काय विचार करत होता, ते मला कुणी सांगितलेलं नाही. पण मी नट ओळखतो. समोर बसलेल्याला काय हवंय ते नटाला कळतं. आणि त्याच्यासमोर त्या रात्री एकच माणूस बसलेलं होतं, जन्मभर ज्याने बघावं म्हणून त्याची धडपड चालली होती ते. तिला कुठला राजा हवा होता ते त्याला दिसत होतं.

ताईने ऐकलं ते एवढंच. चपला काढल्याचा आवाज. दिवाण करकरला. कुणीतरी सरकल्यासारखा. जागा दिल्यासारखा. पुन्हा करकरला. चादर ओढल्याची सळसळ.

म्हातारीची खुर्ची हलली. चाचपत असावी.

"हं," म्हातारी म्हणाली. "हा बघ. हा माझा."

मग काहीच नाही. ताई कान देऊन होती. श्वास ऐकू येत होता. एकाचाच. आईचा.

उजाडल्यावर तिने दार उघडलं. म्हातारी खुर्चीत झोपलेली, हात दिवाणावर, राजाच्या तोंडावर ठेवलेला. राजा सरळ निजलेला. ताईने हाक मारली. मग हलवलं. मग ती ओरडली ती गल्ली गोळा होईपर्यंत. डॉक्टर म्हणाला, हृदय बंद पडलं, झोपेतच गेला. चपला दाराशी नीट लावून ठेवल्या होत्या, माझ्या लॅपटॉपची पिशवी भिंतीशी होती, उघडलेली नव्हती.

न्यायच्या वेळी कुणीतरी म्हातारीला म्हणालं, शेवटचं तोंड बघून घ्या. ती म्हणाली, "बघितलं की. किती वेळा बघू?" डोळ्यांत पाणी नाही. ताईने तिला गदगदा हलवलं, रात्री तो दारात मला हाका मारत होता आणि मी उघडलं नाही, असं सांगत बसली. म्हातारी तिलाच समजवायला लागली, "तो नव्हता गं. तो मागचा कुणीतरी होता."

मी तिथे गेलो तो पुढच्या महिन्यात, ताईला भेटायला आणि लॅपटॉपही आणायला, खोटं कशाला बोलू. सकाळची वेळ. दिवाणावरची गादी तिने अंगणात उन्हात टाकली होती आणि काठीने झोडत होती. केस विस्कटलेले, हाताला फोड. मला बघून थांबली नाही. हे सगळं तिने मला झोडता झोडता सांगितलं.

आतून म्हातारी म्हणाली, "किती झोडतेस गं? संध्याकाळच्या आत घाल परत. त्याला निजायला लागते."

ताईने काठी टाकली आणि मला बोटाने गादी दाखवली. गादीत दोन खळगे होते, शेजारी शेजारी, माणसाएवढे.

एक बुजत आला होता. दुसरा त्या सकाळचा होता.