आठ चाळीसची पुलरी

“किती वाजले हो बाई?” बसच्या खिडकीतून डोकं काढून ड्रायव्हरनं विचारलं.

“आठ बेचाळीस. दोन मिनिटं उशीर. लिहिलंय!” ट्रीसा वहीतून मान वर न करता म्हणाली.

“मग नावही लिहा ना... जिबिन.”

आता मात्र मान वर झाली, आणि तिथंच घोळ झाला! शत्रूच्या गाडीवर इतक्या हसऱ्या डोळ्यांचा माणूस असेल, हे वकिलांनी कुठं सांगितलं होतं?

केरळातल्या मुट्टमच्या नाक्यावरून ‘पुलरी’ बस आठ चाळीसला सुटायची. जिबिनच तिचा मालक आणि तोच ड्रायव्हर. ट्रीसाच्या वडिलांची ‘लिली’ आठ सत्तेचाळीसला. दोघींचा रस्ता एकच, तोडुपुळा शहराचा. पुलरी जरा रेंगाळली की नर्सा, कॉलेजची पोरं, सगळे तिच्यातच चढायचे आणि लिली रिकामी धावायची. वडील, म्हणजे चाच्चन, कंबर धरून घरी बसलेले. घरची गाडी एकच, आणि असंच चाललं तर तीही विकायची पाळी. म्हणून आरटीओकडे तक्रार गेली. वकिलांनी बजावलं, “महिनाभर नाक्यावर उभी राहा. स्वतः कधी पोचलीस तेही लिही, म्हणजे पुरावा टिकतो.”

दुसऱ्या दिवसापासून पुलरी काट्यावर सुटू लागली.

“आज काय लिहिलंत?”

“आठ चाळीस.”

“एवढंच? नवा शर्ट घातलाय, तो नाही लिहिला?”

“साहेबांना शर्टाशी काय करायचंय!”

“साहेबांना नसेल...”

गाडी निघून जायची, आणि ट्रीसाला टपरीवरचा चहा उगाच गोड लागायचा. स्वतःवरच चिडायची ती. अगं, वैरी आहे तो! पण वेणी आता रोज दोनदा घातली जात होती, त्याला कोण काय करणार?

तीनदा मात्र चाच्चनच्या मालिशपायी तिला उशीर झाला. तिन्ही वेळा पुलरी उभीच! ती धापा टाकत पोचली की जिबिन नुसता हसायचा आणि गाडी काढायचा. ते तिन्ही दिवस लिली रिकामी गेली. ट्रीसानं ओठ चावत जे खरं तेच लिहिलं.

सुनावणीला आरटीओ साहेबांनी वही चाळत मोठ्यानं वाचलं. “अकरा तारीख. मी हजर आठ चव्वेचाळीस, पुलरी सुटली आठ पंचेचाळीस. एकोणीस, तेच. चोवीस, तेच.” त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. “काय रे, गाडी कुणासाठी थांबली होती?”

पंक्चर म्हणाला असता तर सुटला असता. जिबिन उभा राहिला. “एक बाई यायच्या होत्या, साहेब.”

“चढल्या का?”

“नाही. त्या कधीच चढत नाहीत.”

खोलीत हशा पिकला. ट्रीसाचे वकील खुशीत आले. कबुलीच मिळाली, आता पुलरीची आठ चाळीसची वेळ रद्द! ट्रीसा मात्र फोन घेऊन व्हरांड्यात धावली.

“चाच्चन, जिंकलो आपण. पण... असं नकोय मला. पाळी लावून घेऊ या? एक आठवडा पुलरी पुढे, एक आठवडा आपण. मधे दहा मिनिटं.”

पलीकडून चाच्चननं विचारलं, “पोरगा गाडी बरी चालवतो का?”

“पहिल्या दिवसानंतर मिनिटाला मिनिट... तीन दिवस सोडून.”

“त्या तीन दिवसांचं मला कधीच कळलंय. टपरीवाला माझा दोस्त आहे. कर सही माझ्या वतीनं.”

ती वळली तर जिबिन मागेच उभा. “वेडा आहेस का? पंक्चर म्हणायचं नाही?”

“खोटं बोलून उद्या नाक्यावर तुला तोंड कसं दाखवलं असतं?”

ट्रीसाचे डोळेच भरले. “आवडतोस मला. झालं? पण माझ्या आठवड्यात एक मिनिट जरी गाडी पुढे काढलीस ना, तर याच साहेबांपुढे खेचीन.”

“तेव्हा शेजारी उभी राहशील?”

“समोर!”

“आणि... चर्चमध्ये?”

आतून वकील हाका मारत होते. ट्रीसा दारापर्यंत गेली, थबकली.

“तिथं शेजारी,” ती म्हणाली, आणि सही करायला आत पळाली.