वापरलेली गावं

व्हिडिओ गेमच्या दुकानात माझ्या वयाचा माणूस शिरला की काउंटरवरचे लोक आधी नातवाचं वय विचारतात. मला नातू नाही, मूलही नाही. पहिल्या वेळी मी तसं खरं सांगितलं, तर विक्रेत्याचा चेहरा एवढा पडला की पुढच्या वेळेपासून मी 'दहा' सांगून मोकळा होऊ लागलो.

दुकान बाजारसंकुलाच्या तळमजल्यावर आहे. एका बाजूला चपला शिवून देणारा, दुसऱ्या बाजूला मोबाइलची कव्हरं विकणारा. अशा दुकानांची मोठी साखळी आहे, कुठेही जा, तीच हिरवी पाटी आणि तीच हिरवी जाकिटं. दर्शनी भिंतीवर नवे कोरे खेळ प्लास्टिकमध्ये गुंडाळलेले असतात. मागे, जिथली एक ट्यूब कायम फडफडते, तिथे वापरलेले. त्या फळीवरच्या डब्या रिकाम्या असतात. खेळ ज्यात असतो ते नखाएवढं कार्ड चोरीला जाऊ नये म्हणून ते काउंटरमागच्या खणात ठेवतात आणि गिऱ्हाईक डबी घेऊन आलं की शोधून देतात.

मी त्याच रस्त्याच्या दुसऱ्या टोकाला डोळे तपासतो आणि चष्मे करतो. दिवसभर लोकांच्या डोळ्यांपुढे भिंगं बदलायची आणि 'आता बरं की मघाचं बरं' असं विचारत राहायचं, हा माझा धंदा. अंदाजावर माझा विश्वास नाही. दिसलं ते दिसलं, नाही दिसलं ते नाही. हे आधी सांगून ठेवतो, कारण पुढचं ऐकून लोक माझ्या डोक्याबद्दल बोलतील.

माझी बायको शेवटच्या आजारपणात एक खेळ खेळायची. हातात धरायचं छोटं मशीन, त्यात एक गाव. मारामारी नाही, शर्यत नाही. झाडं लावायची, मासे पकडायचे, गावातल्या लोकांशी दोन शब्द बोलायचं. त्या गावात ती पिवळा कोट घालून हिंडायची. हॉस्पिटलच्या खाटेवर उशीला टेकून ती मला बाग दाखवायची. नासपतीची झाडं ती नेहमी तिरप्या ओळीत लावायची, आणि ओळीत एका झाडाची जागा मोकळी सोडायची. सरळ रांग लावली की झाडं शाळेतल्या मुलांसारखी दिसतात, असं तिचं म्हणणं. मोकळी जागा कशाला, तर तिथे आपण बसायचं.

ती गेल्यावर ताई आली आणि तिने घर आवरलं. माझी मोठी बहीण कामाला वाघ आहे, पण तिला यंत्रांतलं काही कळत नाही. बायकोची आठवण म्हणून मशीन तिने जपून कपाटात ठेवलं आणि खेळांची कार्डं दुकानात विकून आली. तिच्या हिशेबाने खेळ म्हणजे बाजारात मिळणारी वस्तू, कधीही पुन्हा आणता येईल, आणि माणसाचं जे काही असेल ते मशीनमध्ये. प्रकार नेमका उलटा होता. मशीन रिकामं होतं. गाव, बाग, पिवळा कोट, सगळं त्या नखाएवढ्या कार्डात होतं. मी ताईला बोललो नाही. बोलून काय उपयोग होता? पण ताई तिच्या घरी परतल्यावर न्हाणीघरात नळ सोडून मी खूप रडलो.

दुसऱ्या दिवशी दुकान गाठलं. मॅनेजरबाई माझ्याच वयाच्या, वाचायचा चष्मा डोक्यावर आणि डबीवरची अक्षरं वाचायला हात लांब करणाऱ्या. त्यांनी ऐकून घेतलं आणि मान हलवली. विकत घेतलेला माल गोदामात जातो, तिथे त्याला लेबल लागतं, मग ज्या शाखेची मागणी असेल तिथे रवाना होतो. कुठलं कार्ड कुणाचं हे कुणालाच ठाऊक नसतं.

"आतलं पुसतात का?" मी विचारलं.

"नियम पुसायचा आहे," त्या म्हणाल्या. "पण वेळ कुणाला आहे?"

तेवढ्यावर मी तगून राहिलो. वापरलेला खेळ आठवड्याच्या आत परत केला तर दुकान कारण विचारत नाही. मग आमचं ठरलं. मॅनेजरबाई वेगवेगळ्या शाखांतून तो खेळ मागवायच्या, मी घरी नेऊन आत बघायचो, तिचं गाव नसलं की परत आणायचो. बदल्यात मी त्यांना नीट नंबरचा चष्मा करून दिला. तो घालून त्यांनी पहिल्यांदा स्वतःच्या दुकानातली धूळ पाहिली आणि मला दोष दिला.

अशी मी परक्या लोकांची गावं उघडू लागलो. एका गावात कुणीतरी सगळी जमीन खणून ठेवली होती, एकही झाड नाही. दुसऱ्यात घराघरासमोर फुलांची आरास आणि मधोमध कुणासाठी तरी बांधायला घेतलेलं, अर्धवट सोडलेलं घर. सगळीकडे गवत माजलेलं. मशीनला तारीख कळते, त्यामुळे मालक किती काळ फिरकला नाही हे गावाला माहीत असतं. मी पाऊल टाकलं की टपालवाली म्हातारी, मासे पकडणारा, दुकानदारीण, सगळे धावत यायचे. मला परक्याच नावाने हाक मारायचे आणि विचारायचे, इतके दिवस होतास कुठे?

खरं सांगतो, मला ते आवडू लागलं. घरी कुलूप उघडून आत गेलं की फ्रिजचा आवाज तेवढा असायचा. कुठे होतास असं विचारणारं कुणी उरलं नव्हतं. मी जेवणाचं ताट मशीनसमोर घेऊन बसायचो आणि कुणा परक्याच्या गावातलं गवत उपटून द्यायचो. मुदत संपेपर्यंत कार्ड परत करायला माझे पाय निघायचे नाहीत.

मग एका गावात, मागच्या टेकडीजवळ, नासपतीची रोपं दिसली. तिरप्या ओळीत. मधे एक जागा मोकळी.

गाव तिचं नव्हतं. मालकाचं नाव वेगळं, घर वेगळं. मी स्वतःला समजावलं की अशी आवड आणखी कुणाची असू शकते. पण पुढच्या कार्डातही तीच ओळ होती, नदीकाठी, आणि तिथली झाडं माझ्या कमरेएवढी झाली होती. आजूबाजूला गवत माजलेलं, पण झाडांच्या बुंध्याशी एक काडी नाही. कुणीतरी नुकतंच साफ केलं होतं.

त्या गावातल्या टपालवाल्या म्हातारीशी मी बोललो. म्हणजे बटण दाबलं. या खेळात आपल्याला प्रश्न विचारता येत नाही. बटण दाबायचं आणि समोरचा सांगेल ते वाचायचं. आवाज नसतो, नुसती अक्षरं उमटतात.

"पिवळ्या कोटातली एक बाई येऊन गेली," म्हातारीने सांगितलं. "तिच्या माणसाला शोधत होती."

मी पुन्हा बटण दाबलं.

"उंच आहे म्हणाली. आधी लोकांच्या डोळ्यांत बॅटरी मारून बघतो, मग बोलतो."

दुसऱ्या दिवशी मी मॅनेजरबाईंना विचारलं की ही कार्डं एकमेकांशी जोडलेली असतात का. त्यांनी नवा चष्मा नाकावर खाली सरकवून माझ्याकडे पाहिलं. मशीन जुन्या काळातलं, त्याला इंटरनेट म्हणजे काय ते माहीत नाही. आतली माणसंही ठरवून दिलेली वाक्यंच बोलतात, त्यापलीकडे एक अक्षर नाही. मी हो म्हणालो. त्यांचं म्हणणं बरोबरच होतं.

मला भीती वाटायला हवी होती. पण झालेला आनंद सांगता येणार नाही एवढा होता. ती मला शोधत होती. जिथे मी पोहोचत होतो तिथून ती नुकती निघून गेलेली असायची, एवढाच काय तो घोळ होता. आम्ही बाजारातसुद्धा असेच चुकायचो. ती भाजीपाशी मला शोधायची आणि मी बाहेर तिची वाट बघत उभा.

मग मी प्रत्येक गावाच्या फळ्यावर निरोप लिहू लागलो. 'मी येऊन गेलो. थांब.' पूर्वी ज्या कार्डांना चिकटून बसायचो ती आता लगोलग परत करू लागलो, कारण बायको त्या वाटेने परतली आणि कार्ड माझ्याच घरी अडकलेलं असलं तर? पुढच्या कार्डांत झाडं आणखी वाढलेली होती. एकात फुलं आली होती. एकात मोकळ्या जागी गवत दबलेलं होतं, कुणी बसून उठावं तसं. मी तिथे खेळातला माझा माणूस बसवला आणि बराच वेळ हललो नाही.

त्याच्या पुढच्या गावात मासे पकडणारा आपणहून माझ्याकडे आला.

"ती बाई खुशीत होती," तो म्हणाला. "सापडला तिचा माणूस. हाताला धरून घेऊन गेली."

मी बटण दाबत राहिलो. तो तेवढंच सांगत राहिला.

त्या रात्री मला झोप लागली नाही. सकाळी दुकानाचं शटर अर्धवट वर होत असतानाच मी खाली वाकून आत गेलो आणि मॅनेजरबाईंना विचारलं की हा खेळ माझ्याशिवाय आणखी कोण नेतं. माझा आवाज चढला होता. त्यांनी हातातली चावी बाजूला ठेवली.

"कुणी नेत नाही हो. तुम्ही सोडून विचारायलाही कुणी येत नाही."

वापरलेली कार्डंही आता संपत आली होती, त्या म्हणाल्या. फक्त एका शाखेच्या शोकेसमध्ये एक नवं कोरं, सीलबंद उरलं होतं. मी मागवायला सांगितलं. ते आलं तेव्हा डबी माझ्या हातात देण्याआधी त्या जरा थांबल्या.

"हे नवं आहे. यात कुणाचंच गाव नसणार, तुम्हाला हवंय ते तर नाहीच. आणि सील फोडलं की परत घेता येत नाही."

मला तेच हवं होतं. माझा विचार सरळ होता. शोधणारी दोन माणसं चुकत असतील तर एकाने एका जागी थांबावं. या कोऱ्या कार्डात मी माझं गाव वसवणार होतो, नासपती लावणार होतो आणि तिथेच तिची वाट बघणार होतो. मासे पकडणारा काय म्हणाला ते मी मनातून काढून टाकलं होतं. निदान तसा प्रयत्न केला होता.

साप्ताहिक सुट्टीची दुपार होती. खिडकीतून ऊन थेट टेबलावर येत होतं. मी नखाने प्लास्टिक फाडलं. कार्ड चकचकीत होतं, त्यावर कुणाचं बोट लागलेलं नव्हतं.

नवा खेळ सुरू झाला की आधी तुमचं नाव विचारतात. मग गावाचं.

मला काहीच विचारलं नाही.

पडद्यावर एक फाटक आलं. आत नासपतीची झाडं होती, पार वाढलेली, फळांनी वाकलेली. तिरप्या ओळीत. मधल्या जागेत एक बाक होता.

मी दगडी पायवाटेवरून चालत घरापर्यंत गेलो.

दार उघडलं. पिवळा कोट.

ती माझ्याकडे बघत उभी राहिली. खाली अक्षरं उमटली.

"कोण पाहिजे?"

त्याखाली माझ्यासाठी दोन उत्तरं आली. 'मी आहे.' आणि 'चुकून आलो.' मी पहिलं निवडलं. एवढ्या जोरात बटण दाबलं की मशीन हातातून निसटलं असतं.

ती हलली नाही. मग तिने ओठांवर बोट ठेवलं.

"हळू बोला. हे आत झोपलेत. किती शोधल्यावर सापडलेत, दमलेत फार."

मी पुन्हा बटण दाबलं. पुन्हा. या वेळी उत्तर एकच होतं.

'चुकून आलो.'

ते निवडेपर्यंत ती तशीच उभी राहणार होती, आणि मी बराच वेळ ते निवडलं नाही. तेवढा वेळ तरी ती माझ्यासमोर होती. ऊन टेबलावरून भिंतीवर गेलं.

शेवटी मी निवडलं.

तिने मान डोलावली. परक्या माणसाला डोलवावी तशी, सभ्यपणे.

मग मशीनमधून आवाज आला. या खेळात माणसांना आवाज नसतो. घरातून, आतल्या खोलीतून, कुणीतरी खोकलं. आधी दोनदा लहान, मग एक लांब. माझा खोकला मला ओळखू येतो.

"आले हं," ती आत वळून म्हणाली, आणि तिने दाराला कडी लावून घेतली.