मोरिवाकीचं पडणं

क्योतोच्या एका चित्रपट स्टुडिओत संकलक सेत्सुताईंच्या कात्रीला मान होता. हातात पांढरे सुती हातमोजे, समोर खिळ्यांना टांगलेल्या फिल्मच्या पट्ट्या आणि खाली कापडी पिशवी. नको असलेले तुकडे पिशवीत जात. भरलेली पिशवीही त्या दोन बोटांनी उचलून बाजूला ठेवत.

त्यांचं नाव झालं ते एका शॉटमुळे. सामुराईंच्या एका चित्रपटात मोरिवाकी नावाचा नट किल्ल्याच्या कौलांवरून पडतो. तो खरोखरच पडला होता आणि त्यातच गेला. त्याची बायको इकुए फडक्यात संत्री बांधून आली.

"ताई, तेवढं पडणं काढून टाका. उद्या पोर मोठी झाली की बघायला मागेल."

"काढलंच समजा."

पण जमीन येण्याच्या जरा आधी कापून सेत्सुताईंनी तो शॉट ठेवला. इतका सुरेख काप त्यांना कधी साधला नव्हता. संत्रीही त्यांनी खाल्ली, याची त्यांना फार लाज वाटे.

इकुएला तेव्हा तो चित्रपट बघवला नव्हता. काही वर्षांनी तो पुन्हा लागणार म्हणून तिचा निरोप आला, उद्या पोरीला घेऊन येते. सेत्सुताईंनी खेळाची प्रत मागवली, शॉट कापला, टोकं डकवली आणि यंत्रावर फिल्म चालवली.

मोरिवाकी पडत होता.

"नोबुए, तू परत जोडलंस?"

"मी कशाला?" शेजारच्या टेबलावरची नोबुए म्हणाली. "तुमच्या वस्तूला हात लावला तर तुम्ही मला फाडून खाल."

त्यांनी पुन्हा कापलं. दर जोडाला एखादी फ्रेम जातेच, त्यामुळे फिल्म आखूड होते, वाढत नाही. ही वाढत होती. दर खेपेला मोरिवाकी आणखी खाली येई. आता त्याचा चेहरा ओळखू येत होता.

"चुकलं माझं," सेत्सुताई पुटपुटल्या. "उतरा आता, मोरिवाकीसान."

त्यांनी शेवटचं कापलं. यंत्र चालवायचा धीर झाला नाही.

दुसऱ्या दिवशी खेळ संपेपर्यंत त्या मान खाली घालून बसल्या. दिवे लागले. इकुए नमस्काराला वाकली.

"शब्द पाळलात, ताई. नुसती कौलं दिसली."

"म्हणजे बाबा खाली उतरले?" पोरीने विचारलं.

सेत्सुताईंनी होकारार्थी मान हलवली.

त्या खोलीत परतल्या तेव्हा नोबुए पिशवी ओढत होती.

"काय भरलंय यात, ताई?"

सेत्सुताईंनी आत पाहिलं. काल कापलेल्या मोरिवाकीच्या नुसत्या पट्ट्या होत्या.

दोघींनी मिळून धरली, तरी पिशवी जमिनीवरून उचलली गेली नाही.